वयाचा तक्ता भिंतीवरून काढा

प्रश्न : सर, माझा मुलगा चौदा वर्षांचा. सातव्या वर्षापासून बुद्धिबळ खेळतोय, आज त्याचं फिडे (जागतिक बुद्धिबळ संघटना) रेटिंग १७४० आहे. त्याला ईर्षा वाटावी म्हणून गेल्या वर्षी मी त्याच्या खोलीत एक तक्ता लावला. कोण कितव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला, ते त्यात लिहिलंय : अभिमन्यू मिश्रा १२ वर्षं ४ महिने, सर्गेई कर्जाकिन १२ वर्षं ७ महिने, गुकेश १२ वर्षं ७ महिने, प्रज्ञानंद १२ वर्षं १० महिने, परिमार्जन नेगी १३ वर्षं ४ महिने. मागच्या स्पर्धेत तो एका नऊ वर्षांच्या मुलीकडून हरला. घरी आल्यावर त्याने तक्त्याच्या तळाशी पेन्सिलीने स्वतःचं नाव लिहिलं आणि पुढे ‘१४ वर्षं, १७४०’. तेव्हापासून पटाला हात लावलेला नाही. पुढच्या महिन्यातल्या स्पर्धेत त्याचं नाव दिलेलं आहे. मोठ्या खेळाडूंची कारकीर्द पाहता आता उशीर झाला आहे का? त्याला शाळेतून काढून पूर्ण वेळ खेळू द्यावं, की हा नाद सोड म्हणावं?
– एक वडील

उत्तर :

नमस्कार. उशीर झाला का, याचं उत्तर आधी देऊन टाकतो. तुमच्या तक्त्यात शिरायला उशीर झाला आहे. जगज्जेतेपदाचं म्हणाल, तर अलीकडच्या काळात जे जगज्जेते झाले त्यांच्यापैकी कुणीही चौदाव्या वर्षी १७४० वर नव्हतं. आनंदने १९८३ साली राष्ट्रीय सब-ज्युनियर स्पर्धा नऊपैकी नऊ गुण घेऊन जिंकली, पुढच्या वर्षी तो इंटरनॅशनल मास्टर (ग्रँडमास्टरच्या खालोखालचा किताब) झाला आणि १९८८ मध्ये भारताचा पहिला ग्रँडमास्टर. तेव्हा ते स्वप्न घरात कुणाचं असेल, तर ते बाजूला ठेवा. मुलाचं असेल असं तुमच्या पत्रावरून तरी वाटत नाही.

बाकी बुद्धिबळासाठी मात्र उशीर झालेला नाही. आणि हे मी तुमच्या समाधानासाठी म्हणत नाही. तुमच्याच तक्त्यातली माणसं बघा.

शेवटच्या ओळीवर परिमार्जन नेगी आहे. २००६ साली तो ग्रँडमास्टर झाला तेव्हा तेरा वर्षं चार महिन्यांचा होता. मॅग्नस कार्लसन २००४ मध्ये ग्रँडमास्टर झाला, तोही तेरा वर्षं चार महिन्यांचाच असताना. दोघांच्या वयात फरक पडला तो काही दिवसांचा. तुमच्या पद्धतीने लिहिलं तर दोन्ही ओळी सारख्याच दिसतील. पुढे काय झालं? कार्लसन दहा वर्षं जगज्जेता राहिला, २०१४ मध्ये त्याचं रेटिंग २८८२ वर गेलं, तिथवर आजतागायत कुणी पोहोचलेलं नाही, आणि शेवटी कंटाळा आला म्हणून त्याने किताबाची लढतच सोडून दिली. नेगी २०१२ मध्ये आशियाई विजेता झाला, २०१४ च्या बुद्धिबळ ऑलिंपियाडमध्ये कांस्यपदक मिळवणाऱ्या भारतीय संघात होता, आणि मग स्टॅनफर्डला शिकायला गेला. स्पर्धांमधून जवळजवळ निघूनच गेला तो, संगणकशास्त्राकडे वळला. यात कुणाचं काय चुकलं? माझ्या मते कुणाचंच नाही. पण तेरा वर्षं चार महिने या आकड्यात यातलं काहीच नव्हतं.

कर्जाकिनचं बघा. २००२ साली त्याने केलेला सर्वांत लहान ग्रँडमास्टरचा विक्रम एकोणीस वर्षं टिकला. गुकेशला तो अवघ्या सतरा दिवसांनी हुकला. त्या विक्रमवीराला जगज्जेतेपदाची एक संधी मिळाली, २०१६ मध्ये न्यूयॉर्कला. कार्लसनशी बारा डावांनंतर ६-६ अशी बरोबरी, आणि मग रॅपिड (कमी वेळाच्या) टायब्रेकमध्ये हार. सतरा दिवस उशिरा आलेला गुकेश अठराव्या वर्षी जगज्जेता झाला. त्या सतरा दिवसांचं दुःख गुकेशच्या घरी तेव्हा किती झालं असेल, आणि आज ते किती उरलं असेल, याचा विचार करून बघा.

उलट बाजूचीही माणसं आहेत, पण ती सांगताना मला थोडी भीती वाटते, कारण तुम्ही लगेच ‘उशिरा सुरुवात करणारे’ असा दुसरा तक्ता कराल. चीनचा ये जियांगच्वान सतराव्या वर्षापर्यंत चिनी बुद्धिबळ खेळायचा. आपला हा खेळ तो त्यानंतर शिकला, ग्रँडमास्टर झाला, सात वेळा चीनचा विजेता झाला आणि पुढे राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक. एकोणिसाव्या शतकातला रशियाचा मिखाईल चिगोरिन चाली शिकला सोळाव्या वर्षी आणि खेळाकडे गांभीर्याने वळला तो चोविशीच्या आसपास. तरी जगज्जेतेपदासाठी तो तेव्हाच्या जगज्जेत्या स्टाइनिट्झशी दोनदा लढला. अर्थात तो काळ वेगळा होता. आता सहा वर्षांच्या पोरालाही फोनवर कोडी सोडवता येतात. म्हणून चिगोरिनचं नाव सांगून मुलाला फसवू नका.

मला जास्त जवळचं वाटतं ते पी. श्यामनिखिलचं उदाहरण. ग्रँडमास्टर व्हायला २५०० रेटिंग आणि तीन नॉर्म (म्हणजे तगड्या स्पर्धेत ठरलेल्या दर्जाची कामगिरी) लागतात. २०१२ पर्यंत त्याच्याकडे रेटिंग होतं, दोन नॉर्मही होते. तिसरा नॉर्म मिळायला २०२४ उजाडलं. बारा वर्षं! तोवर विशीतला मुलगा तिशी ओलांडून गेला, आणि भारताचा ८५ वा ग्रँडमास्टर झाला. या बारा वर्षांत किती पोरं त्याच्या मागून येऊन पुढे गेली असतील ते मोजायलाच नको. तो खेळत राहिला. का खेळत राहिला असेल, हा प्रश्न मुलाशी बोलायला चांगला आहे. उत्तर तुम्ही देऊ नका.

आता त्या हरलेल्या डावाबद्दल. तुम्ही पत्रात ‘नऊ वर्षांच्या’ आणि ‘मुलीकडून’ या दोन्ही शब्दांखाली रेघ ओढली आहे. ती रेघ मला खटकली. मुलालाही ती घरात कुठे ना कुठे दिसली असणार.

आधी ‘मुलीकडून’. बॉबी फिशर १९५८ साली पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाला. तो विक्रम तेहतीस वर्षांनी, १९९१ मध्ये, मोडला यूदित पोल्गारने. तिने महिलांच्या जगज्जेतेपदाकडे पाठच फिरवली, खुल्या स्पर्धाच खेळल्या, जगात आठव्या क्रमांकापर्यंत गेली, आणि २००२ मध्ये रॅपिड डावात कास्पारोव्हलाही हरवलं. पोल्गारचा मुलींमधला विक्रम कोनेरू हंपीने २००२ मध्येच मोडला. हंपी मुलीच्या जन्मासाठी खेळापासून दूर गेली, परत आली आणि २०१९ मध्ये रॅपिडची जगज्जेती झाली. २०२४ मध्ये पुन्हा झाली. २०२५ च्या महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत मात्र एकोणीस वर्षांच्या दिव्या देशमुखने तिला टायब्रेकमध्ये हरवलं आणि त्या विजयाबरोबर दिव्याला थेट ग्रँडमास्टर किताब मिळाला. मुलीकडून हरण्यात काही विशेष आहे असं स्पर्धेच्या हॉलमध्ये आता फक्त पालकांना वाटतं.

मग ‘नऊ वर्षांच्या’. तिचं रेटिंग तुम्ही लिहिलेलं नाही. समजा १५४० असेल. दोनशे गुणांचा फरक असला, तर रेटिंगच्या गणिताप्रमाणेच वरच्या खेळाडूने शंभर डावांत साधारण ७६ गुण मिळवायचे असतात आणि खालच्याने २४. म्हणजे चारातला एक गुण तिच्या हक्काचाच आहे. त्यात लहान मुलांची ताकद रेटिंगच्या पुढे धावत असते. आकडा महिन्यातून एकदा बदलतो, पोर रोज शिकतं. म्हणून तर अठराव्या वर्षापर्यंत, रेटिंग २३०० च्या खाली असेल तर, फिडे बदलाचा गुणक ४० धरते, मोठ्यांना तो २० असतो. तुमच्या मुलालाही तोच ४० लागू आहे. एका डावात त्याचं जे तीस गुणांचं नुकसान झालं असेल, ते एका बऱ्या स्पर्धेत भरून निघतं.

पण मुलाने पट सोडला तो तीस गुणांसाठी नाही, हे तुम्हालाही माहीत आहे. म्हणून मोठ्या खेळाडूंच्या कारकिर्दीत बघायचंच असेल, तर ते हरल्यानंतर काय करत होते ते बघा. माझ्या मते तिथेच खरा माल आहे.

२०१३ मध्ये आनंद आपल्याच शहरात, चेन्नईत, कार्लसनकडून जगज्जेतेपद हरला. दहा डाव झाले, त्यात आनंदला एकही जिंकता आला नाही. वय त्रेचाळीस. आता आनंदने निवृत्त व्हावं, असं सांगणारे पुष्कळ निघाले. त्यानंतर चार महिन्यांनी तो रशियात खांती-मानसिस्कला कँडिडेट्स (जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणारी स्पर्धा) खेळायला गेला आणि एकही डाव न गमावता पहिला आला. म्हणजे परत कार्लसनसमोर बसायचा हक्क मिळवला. सोचीला पुन्हा हरला, हेही सांगायला हवं. ही गोष्ट सिनेमासारखी संपत नाही. पण २०१७ च्या डिसेंबरात, अठ्ठेचाळीस वर्षांचा असताना, रियाधला तो रॅपिडचा जगज्जेता झाला आणि त्या स्पर्धेत त्याने कार्लसनला हरवलंही. २०१३ मध्ये त्याच्या घरी कुणी वयाचा तक्ता लावला असता तर?

सोव्हिएत जगज्जेता बोतविनिक १९५७ मध्ये स्मिस्लोव्हकडून हरला, पुढच्या वर्षी परतीच्या सामन्यात किताब परत घेतला. १९६० मध्ये तेवीस वर्षांच्या तालने त्याला अक्षरशः उडवलं. सगळ्यांना वाटलं म्हातारा संपला. १९६१ मध्ये एकोणपन्नासाव्या वर्षी त्याने तालला हरवलं. तेव्हा हरलेल्या जगज्जेत्याला परतीच्या सामन्याचा हक्क असायचा, हे खरं. पण हक्क मिळाला म्हणून कुणी जिंकत नाही. आपले डाव, विशेषतः हरलेले, निर्दयपणे तपासायचे हे बोतविनिकने आयुष्यभर शिकवलं. कार्पोव्ह, कास्पारोव्ह, क्रामनिक हे तिघेही त्याच्या शाळेतून गेलेले.

आणि चीनचा डिंग लिरेन. २०२३ मध्ये जगज्जेता झाला, नंतर मनाने खचला, कितीतरी काळ खेळलाच नाही. २०२४ मध्ये सिंगापूरला गुकेशसमोर तो टिकणार नाही असं सगळे धरून चालले होते. त्याने पहिलाच डाव जिंकला. तेरा डावांनंतर ६.५-६.५. चौदाव्या डावात, बरोबरी जवळजवळ हातात असताना, ५५ व्या चालीला त्याने हत्ती चुकीच्या घरात नेला आणि सगळं संपलं. जगज्जेतासुद्धा, जगज्जेतेपदाच्या शेवटच्या डावात, सारं जग बघत असताना, अशी चूक करतो. तुमच्या मुलाने नऊ वर्षांच्या मुलीसमोर जी केली असेल ती याहून वाईट नक्कीच नसेल. हा डाव त्याला पटावर मांडून दाखवा, किंवा त्याने तुम्हाला दाखवावा, ते जास्त बरं.

आता शाळा. गुकेशने चौथीनंतर नियमित शाळा सोडली, त्याच्या वडिलांनी डॉक्टरकी थांबवली, हे तुम्ही वाचलं असणार. म्हणूनच हा प्रश्न आला. ते धाडस फळलं म्हणून आपल्याला कळलं. तेच करून २१०० वर अडकलेल्या मुलांबद्दल कुणी लिहीत नाही. त्यातही गुकेशच्या घरच्यांसमोर त्या वयात त्याचे जे निकाल होते, तसे आज तुमच्यासमोर नाहीत. १७४० वर शाळा सोडायची नाही. यावर मी चर्चाही करणार नाही.

शिवाय या खेळातल्या मोठ्या माणसांकडे दुसरं काहीतरी असण्याची परंपरा जुनी आहे. सत्तावीस वर्षं जगज्जेता राहिलेला लास्कर गणिताचा डॉक्टर होता. ऑयवे गणित शिकवायचा आणि १९३५ मध्ये त्याने तेव्हाच्या जगज्जेत्या अलेखिनला हरवलं. बोतविनिक विद्युत अभियंता. स्मिस्लोव्हला ऑपेरात गायचं होतं, मॉस्कोच्या बोल्शोई नाट्यगृहाची चाचणी देऊन तो नापास झाला आणि मग जगज्जेता झाला! पुढे त्रेसष्टाव्या वर्षी कँडिडेट्सच्या अंतिम सामन्यात कास्पारोव्हसमोर बसला होता. मार्क तायमानोव्ह तर नावाजलेला पियानोवादक होता. १९७१ मध्ये व्हँकुव्हरला फिशरने त्याला ६-० ने धुतलं, मायदेशी सोव्हिएत सरकारने त्याचा पगार थांबवला, परदेशप्रवास बंद केला. तरीही तो खेळत राहिला, वाजवत राहिला, आणि १९९३ व १९९४ मध्ये ज्येष्ठांचा जगज्जेता झाला. आज वरचे खेळाडू बहुतेक पूर्ण वेळ खेळतात, हे मान्य. पण चीनची हो यिफान सोळाव्या वर्षी महिला जगज्जेती होऊनही विद्यापीठात गेली, पुढे ऑक्सफर्डला शिकली, आज प्राध्यापक आहे. आणि पोटाचं म्हणाल तर केवळ बक्षिसांवर जगणारे ग्रँडमास्टर फार थोडे. बाकीचे शिकवतात, संघांकडून लीग खेळतात, लिहितात.

मग पुढे काय ठेवायचं डोळ्यांसमोर? २२०० ला कँडिडेट मास्टर, २३०० ला फिडे मास्टर, २४०० आणि तीन नॉर्मला इंटरनॅशनल मास्टर. चौदाव्या वर्षी १७४० वर असलेल्या मुलासाठी २००० हा विचार करण्याजोगा आकडा आहे. तो आला की पुढचं बोलू. तोवर घरात ग्रँडमास्टर हा शब्द निघाला नाही तरी चालेल.

करायचं म्हणून इतकंच सांगतो. तक्ता तुम्हीच काढा, मुलाला काढायला लावू नका, आणि त्यावर भाषण नको. दोन-चार दिवसांनी, त्याची इच्छा असेल तर, तो हरलेला डाव इंजिन (चाली तपासणारा संगणक) न लावता मांडायला सांगा. तुम्ही फक्त बघा. डाव दाखवताना तो ‘इथे मला असं वाटलं होतं’ म्हणत थांबायला लागला, एखाद्या स्थितीवर रेंगाळला, तर मुलगा खेळात आहे, रेटिंग काहीही असो. ‘मी मूर्ख आहे’ एवढंच म्हणून त्याने सोंगट्या गोळा केल्या, तर थोडे दिवस थांबा. अजून घाव ताजा आहे. फोनवरचे तीन-तीन मिनिटांचे डाव कमी करून आठवड्याला एक-दोन लांब डाव, आणि प्रत्येक डावानंतर तो स्वतः तपासणं, इतकं सध्या पुरे.

आणि तो सोडतो म्हणाला तर? सोडू द्या. डेमिस हसाबिस तेराव्या वर्षी २३०० रेटिंगवर होता. त्या वयोगटात जगात त्याच्या वर फक्त यूदित पोल्गार होती. त्याने स्पर्धात्मक खेळ सोडला, संगणकाकडे वळला. त्याच्या संस्थेने पुढे स्वतःशी खेळून बुद्धिबळ शिकणारा अल्फाझीरो बनवला, आणि २०२४ मध्ये त्याला रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं. (कृपा करून आता नोबेल विजेत्यांच्या वयाचा तक्ता लावू नका.) सोडलेला खेळ परतही येतो. ग्रँडमास्टर व्हिक्टर कोर्चनॉय ऐंशीव्या वर्षी स्वित्झर्लंडचा विजेता झाला होता, घाई कुणालाच नाही.

राहिली पुढच्या महिन्यातली स्पर्धा. जायचं की नाही ते त्याला ठरवू द्या आणि ‘नाही’ हे उत्तर खरोखर चालेल असं आधी स्वतःच्या मनाशी पक्कं करा, मगच विचारा. हो म्हणाला तर सोबत जा, पण फेरी संपल्यावर निकालाआधी ‘भूक लागली का’ असं काहीतरी विचारा. नाही म्हणाला तर आयोजकांना वेळेत कळवून नाव काढून घ्या, म्हणजे पहिल्या फेरीत समोरच्या मुलाला घड्याळाकडे बघत फुकटचा गुण घेऊन उठावं लागणार नाही.